मापात बसणारी गादी

निवृत्तीनंतर दक्षिणेतील तीर्थे मोटारीने पाहावीत, ही अण्णांची जुनी इच्छा. आक्कांची पाठ दुखरी. पण त्यांना घरी ठेवून निघणे अण्णांना मान्य नव्हते. वाटेत खोली न मिळाल्यास रात्र मोटारीतच काढावी लागणार. म्हणून हवेची गादी घेण्याचे ठरले.

दुकानात अण्णांचे लक्ष सर्वांत जाड गादीकडे गेले. आक्कांनी पिशवीतून मापांचा कागद काढला : मागील आसने पाडल्यावर मिळणारी लांबी, चाकांवरील दोन उंचवट्यांमधील रुंदी, छतापर्यंतची उंची. “अहो, हिच्यावर उठून बसायचे कसे?” त्यांनी विचारले. शेवटी पातळ, दोन स्वतंत्र कप्प्यांची गादी निवडली गेली. एकाने कूस बदलली तरी दुसऱ्याला हेलकावा बसू नये.

पहिला प्रयोग अंगणातच झाला. पहाटेच्या गारव्याने आतील हवा आकुंचन पावली व गादी किंचित सैल झाली. छिद्र मात्र कोठेही नव्हते. खालून गारठा लागू नये म्हणून तिच्यावर जाड सतरंजी अंथरली होती. इंजिन बंद आणि काचा बोटभर उघड्या, हा नियम आक्कांनीच घातला. कार्बन मोनॉक्साइडला रंग नसतो, वासही नसतो.

सकाळी आक्का कोणाचाही आधार न घेता उठल्या. त्याच दिवशी अण्णांनी प्रस्थानाची तिथी निश्चित केली.