बीजुकाची आई

पारिभाषिक शब्दांवर कोणी प्रेम करीत नाहीं. ते औषधासारखे असतात. गरज पडली कीं घ्यावयाचे, बरें वाटलें कीं बाटली माळ्यावर. आम्हीं तीस-बत्तीस वर्षें शाळेंत शास्त्र शिकविलें. त्या काळांत असे शेंकडों शब्द फळ्यावर लिहिले आणि पुसले. परंतु त्यांतलाच एक शब्द पुढें आमच्या दारांत येऊन आमचीच परीक्षा घेईल, असें कधीं मनांत आलें नव्हतें. गेल्या भाद्रपदांत तसें घडलें.

आमचें घर वडगावास. मावळांतलें वडगाव म्हटलें कीं वाचकांस १७७९ सालची लढाई आठवेल. इंग्रजांच्या फौजेला येथें मराठ्यांशीं तह करावा लागला, ती जागा पाहण्यास लोक अजून येतात. आमच्या घरामागचा आड पाहण्यास मात्र कोणी येत नाहीं, आणि पाहण्यासारखें त्यांत आहे तरी काय? आंतल्या दगडांच्या सांध्यांतून दर पावसाळ्यांत नेच्यांची दाटी होते, एवढेंच. त्या दिवशीं सर ओसरल्यावर आम्ही पडवींत बसलों होतों. इतक्यांत आमची एक जुनी विद्यार्थिनी आपल्या आजीसह दाराशीं उभी राहिली. मुलगी आंदर मावळांतल्या शेतकऱ्याची, घराण्यांत महाविद्यालयाची पायरी चढलेली पहिलीच. आजी बाजाराला म्हणून आली होती. पिशवींतल्या भाजीला पाणी निथळत होतें.

"गुरुजी, मी आतां पुण्याला परत जाणार नाहीं," मुलगी बसतां बसतांच म्हणाली.

हकीकत अशी. वनस्पतिशास्त्राच्या तोंडी परीक्षेंत तिच्यापुढें रुपेरी नेच्याचें पान ठेवलें. पानाच्या पाठीवरची ही पांढरी भुकटी कसली, असा प्रश्न आला. मुलीनें धीटपणें सांगितलें, "बीजुकें." परीक्षक हंसले. मग त्यांनीं विचारलें, स्पोरोसाइट म्हणजे काय? तो शब्द तिच्या कानांवरून नुकताच गेलेला, तिनें मनांत जुळवाजुळव करून उत्तर दिलें, "बीजुकजनक पेशी, म्हणजे बीजुकें तयार करणारी पेशी." त्यावर पुन्हां प्रश्न, "मग बुरशींतही तीच काय?" येथें तिची वाचा बसली. बाहेर आल्यावर मैत्रिणींनीं 'बीजुक' हा शब्द घोळवून घोळवून म्हटला. घरीं तोपर्यंत स्थळें पाहण्याची बोलणीं सुरू झालींच होतीं.

"भुकटी म्हणजे बीजुकें, हें आपणच सांगितलें होतें, गुरुजी." तिच्या बोलण्यांत तक्रार नव्हती, ती केवळ खातरजमा करून घेत होती. आम्हांस तेंच अधिक लागलें.

कारण सांगितलें होतें तें आम्हींच. दर वर्षीं मुलांना लोहगडावर नेण्याचा आमचा परिपाठ असे. वाटेवर खडकाच्या कपारींत हा नेचा सांपडतो. देठ काळाभोर चकचकीत, पान वरून हिरवें आणि पाठीला चुना फांसल्यासारखें. तें पान मुलांच्या मनगटावर दाबलें कीं पांढरें नक्षीदार गोंदण उठतें. मुलें हरखून जात, आणि आम्ही त्या आनंदाच्या भरांत सांगत असूं कीं पाहा, या एका ठशांत हजारों बीजुकें आहेत! आमच्या गुरुजींनीं आम्हांला तसेंच सांगितलें होतें. शाळेच्या कपाटांत भिंग होतें, सूक्ष्मदर्शकही होता. पण इतक्या वर्षांत ती भुकटी एकदांही त्याखालीं धरून पाहावी, अशी बुद्धि आम्हांस झाली नाहीं. वस्तुतः ती भुकटी म्हणजे पानावरच्या बारीक ग्रंथींतून पाझरून सुकलेला मेणासारखा स्राव आहे. बीजुकांशीं तिचा संबंध शेजारापुरता. खरीं बीजुकें पानाच्या दुमडलेल्या कडेखालीं, काळपट-तपकिरी पुंजक्यांत, अंग चोरून बसलेलीं असतात.

भुकटीचा प्रश्न असा आमच्या पदरांत दोष घालून मिटला. शब्दाचा प्रश्न तितक्या लवकर मिटेना, म्हणून आम्ही तिला घेऊन आडाकडे गेलों.

आडांतल्या नेच्याचें एक पान खुडून पाठ वर केली आणि भिंग तिच्या हातीं दिलें. तपकिरी ठिपक्यांत मोहरीहूनही पुष्कळ बारीक अशा पेट्या दिसतात. त्यांतली प्रत्येक पेटी म्हणजे बीजुककोश. बीजुककोश ही एक पेशी नव्हे, अनेक पेशींची भिंत असलेलें तें पात्र आहे. विद्यार्थ्यांचा पहिला घोटाळा येथेंच होतो. कोंवळेपणीं त्या पात्राच्या पोटांत कांहीं पेशी साध्या रीतीनें दुभंगत वाढतात. बहुतेक नेच्यांत शेवटीं त्यांची संख्या सोळा भरते. मग हें साधें दुभंगणें थांबतें, आणि त्या सोळांपैकीं प्रत्येक पेशी एका निराळ्या विभाजनाला सिद्ध होते. त्यांत गुणसूत्रें जोडीजोडीनें समोरासमोर येतात, जोड्या फुटतात आणि एका पेशीच्या चार होतात. प्रत्येकीच्या वांट्याला गुणसूत्रें निम्मीं. सोळा चोक चौसष्ट, हीं झालीं बीजुकें. स्पोरोसाइट हें नांव त्या सोळा पेशींचें, आणि तेंही त्या एका वेळेपुरतें. त्यापूर्वींच्या पिढ्यांना बीजुकें घडविणारी ऊति म्हणावें, त्यानंतर उरतात तीं बीजुकें.

म्हणजे मुलीची व्याख्या खोटी नव्हती, सैल होती. बुरशीच्या प्रश्नावर ती अडली तें यामुळेंच. भातावरच्या करप्याचें उदाहरण मावळांतल्या मुलीस निराळें सांगावें लागत नाहीं. पानावर डोळ्याच्या आकाराचे ठिपके पडतात, पुढें लोंबीची मान काळी पडून मोडते. त्या ठिपक्यावर बुरशीचे उभे तंतु येतात आणि त्यांच्या टोंकाच्या पेशींतून एकामागून एक बीजुकें सुटत राहतात. येथें जोड्या जुळणें नाहीं, निम्मेपणा नाहीं. घडविणारी पेशी जागच्या जागीं शिल्लक राहते आणि पुन्हां नवें बीजुक देते. बीजुकें तयार करणारी पेशी तीही खरी. पण तिला स्पोरोसाइट म्हणतां येत नाहीं. उलट नेच्यांतली पेशी चार अपत्यांत संपूर्ण वांटली जाते, तिची स्वतःची अशी राख देखील उरत नाहीं. नियमाला अपवाद आहेतच. रुपेरी नेच्याच्या गोतावळ्यांत असे नेचे आढळतात कीं ज्यांच्या बीजुककोशांत सोळांऐवजीं आठच जनक पेशी होतात, चौसष्टांऐवजीं बत्तीस बीजुकें निपजतात आणि गुणसूत्रें निम्मीं होतच नाहींत. परीक्षकांनीं हा प्रश्न विचारला नाहीं, हें तिचें भाग्य. आमचें तर निश्चितच!

नेच्यांत पिढ्यांची आलटापालट होते हें हॉफमाइस्टर या जर्मन पंडितानें १८५१ सालीं दाखविलें. या निम्मेपणाच्या विभाजनाला युरोपांतलें आजचें नांव मिळालें तें १९०५ सालीं, आणि तें देणाऱ्या दोघांपैकीं एकाचें आडनांव फार्मर, म्हणजे शेतकरी, होतें. आमच्या देशांत या जनक पेशींनीं एक चमत्कारही दाखविला आहे. पावसाळ्यांत सह्याद्रीच्या पठारांवर सर्पाच्या जिभेसारखा तुरा असलेलें, वीतभरही उंच नसलेलें एक रोप उगवतें. ऑफिओग्लॉसम त्याचें नांव. त्याच्या एका जातीच्या जनक पेशी तपासून अब्राहम आणि निनन या त्रावणकोरांतील संशोधकांनीं १९५४ सालीं गुणसूत्रांच्या सहाशेंहून अधिक जोड्या मोजल्या. माणसाच्या तेवीस जोड्या! पायाखालीं येणाऱ्या पाल्याची ही श्रीमंती ऐकून मुलगी प्रथमच हंसली.

मग तिनें एक प्रश्न विचारला, आणि तो परीक्षकांच्या प्रश्नांहून चांगला होता. "इंग्रजींत या पेशीला आई म्हणतात, स्पोर मदर सेल. मग आपल्याकडे ती 'जनक' कशी? जनक म्हणजे बाप ना?"

शब्द बनविणाऱ्यांनीं याचा विचार केला असेल किंवा नसेल. विश्वकोशाच्या पंडितांनीं बीजुक आणि कोशिका हे शब्द घेतले, शाळेचीं पुस्तकें बीजाणू आणि पेशी म्हणूं लागलीं. मदर मात्र दोन्हीकडे जनकच राहिली. व्याकरणदृष्ट्या जनक म्हणजे उत्पन्न करणारा, एवढेंच. पण कानाला मिथिलेचा राजा ऐकूं येतो, त्याला काय करावें? 'मातृपेशी' म्हणणेंही चालतें आणि आम्हांस तें अधिक गोड वाटतें. बीजुक हा शब्द मात्र आम्हांस मनापासून आवडतो. त्यांतला 'क' लहानपणाचा आहे. बीजाणूंतल्या अणूपेक्षां तो घरगुती वाटतो. दोन्ही शब्दांत बीज शिरल्यानें मुलांची फसगत होते, हेंही खरें, कारण बीं म्हणजे पोटांत गर्भ असलेलें पूर्ण बाळंतपण आणि बीजुक म्हणजे एकटी पेशी. परंतु हा दोष मराठीचा नाहीं. मूळ ग्रीक शब्दाचाही अर्थ पेरणी किंवा बीं असाच आहे; स्पोरोसाइटांतला साइट म्हणजे पोकळ पात्र. ज्या परदेशी शब्दापुढें मुलीला आपल्या शब्दाची लाज वाटली, तो त्याच्या घरीं इतकाच साधा होता.

आजी एवढा वेळ कठड्याला टेकून ऐकत होती. तिनें विचारलें, "हें असलें भातांत बी असतंय का?"

असतें. फुलझाडांचा पराग हा बीजुकाचाच प्रकार आहे. भाताच्या प्रत्येक फुलांत सहा परागकोश. त्यांच्या पोटांत याच जनक पेशी, एकीच्या चार होऊन परागकण बनणाऱ्या. हें केव्हां घडतें, तें आम्ही पुस्तकी रीतीनें सांगूं लागलों कीं लोंबी बाहेर पडण्यापूर्वीं सुमारें दहा-बारा दिवस, ताटाच्या वरच्या पानाच्या आवरणांत ती मिटलेली असतांना...

"पोटरींत," आजी म्हणाली. "मग तसं बोला की."

आम्ही गप्प झालों. पुढचें तीच सांगूं लागली. भात पोटरींत आलें कीं खाचरांतलें पाणी हटूं द्यायचें नाहीं. त्या आठवड्यांत ताण बसला तर वरून पीक झकास दिसतें, लोंब्या निसवतात, पण ताठ उभ्या राहतात, कारण दाणा पोचट. तिच्या सासऱ्यानें तिला हें सांगितलें होतें. शास्त्राचें म्हणणें तेंच आहे. पाण्याचा ताण किंवा थंडी जनक पेशींच्या त्या नाजूक वेळीं पडली तर पराग वांझ होतो आणि दाणा भरत नाहीं. आमच्याच गांवच्या कृषिसंशोधन केंद्रानें १९८७ सालीं इंद्रायणी हें वाण दिलें, आंबेमोहोर १५७ आणि आय. आर. ८ यांच्या संकरांतून. तें अशाच कुठल्याशा पोटरींतल्या जोड्याजुळणींतून आलें, हें आम्हीं वर्गांत एकदां तरी सांगावयास हवें होतें. आम्ही नेच्यावरच थांबलों, आणि त्यांतही चुकलों.

मुलगी आजीकडे पाहत होती. तिच्या मनांत काय चाललें होतें तें आम्हांस कळलें असें म्हणणें धाडसाचें होईल. थोड्या वेळानें तिनें वहींतून एक कोरा कागद फाडला, नेच्याचें पान पाठ खालीं करून त्यावर ठेवलें, वर दुसरा कागद घातला आणि घडी करून पिशवींत जपून ठेवली. पान सुकलें कीं बीजुककोशाची कडी ताठते, अवचित सुटते आणि बीजुकें कागदावर उधळतात. दुसऱ्या दिवशीं पानाची तपकिरी आकृति उमटलेली दिसते. हा खरा ठसा.

"परत गेलीस तर त्यांना काय सांगशील?" आम्हीं विचारलें.

"भुकटीचं माझं चुकलं म्हणून सांगेन. शब्दाचं नाहीं."

"भुकटीचें आमचें चुकलें, असें सांग."

"तें मी कशाला सांगूं, गुरुजी," ती म्हणाली.

लग्नाचें काय ठरलें तें आजीनें सांगितलें नाहीं आणि आम्हीं विचारलें नाहीं. सोमवारीं सकाळच्या पुण्याच्या लोकलला ती स्टेशनावर दिसली, एवढें शेजारच्या मुलाकडून कळलें.

त्यानंतर आम्हीं जुन्या हजेरीपटांच्या नकला काढल्या आहेत. लोहगडाच्या सहलींना आलेलीं मुलें मोजलीं तर चारशेंच्या वर जातात. कांहीं मुंबईस आहेत, कांहीं परदेशीं, आणि दोन तर स्वतः शास्त्र शिकवितात. म्हणजे ती भुकटी अजून कोणाच्या तरी मनगटावर बीजुकें म्हणून उमटत असणार. त्या दोघांना पत्रें लिहून टपालांत टाकलीं. एकाचें उत्तर आलें आहे. त्यानें लिहिलें आहे कीं ही गोष्ट त्याला बारा वर्षांपूर्वींच ठाऊक झाली होती; आम्हांस वाईट वाटेल म्हणून तो बोलला नाहीं.