टोटोरोचं लांबलचक नाव

टोटोरो.१९८८.१०८०पी.ब्लूरे.एचईव्हीसी.१०बिट.फ्लॅक.एमकेव्ही. एका दमात म्हणता येणार नाही असं हे नाव माझ्या हार्डडिस्कवरच्या एका फाइलचं. हायाओ मियाझाकींचा ‘माय नेबर टोटोरो’, विकत घेतलेल्या ब्लू-रेवरून उतरवलेला. गावाकडच्या जुन्या माणसाने कूळ-मूळ सांगत ओळख करून द्यावी, तसं हे नाव पहिल्याच भेटीत सगळं सांगून मोकळं होतं.

त्यात सर्वांत मोठ्याने बोलतो तो १०८०. चित्राच्या उंचीत इतक्या ओळी, एवढंच त्याचं म्हणणं. पण लोक त्यावरच भाळतात. ४८० ओळींची डीव्हीडी ताणूनही १०८० करता येते, म्हणून त्याच्या एकट्याच्या शब्दावर मी जात नाही. शेजारचा ब्लूरे त्याला जामीन राहतो. एचईव्हीसी ही चित्र दाबून लहान करण्याची पद्धत. फ्लॅक सरळमार्गी: आवाजातलं काहीही न गाळता जागा वाचवतो. एमकेव्ही म्हणजे चित्र, आवाज, सबटायटल एकत्र ठेवणारा डबा. दर्जाशी त्याचा संबंध नाही.

खरा कामाचा गडी १०बिट. आठ बिटांत प्रत्येक रंगघटकाच्या २५६ पायऱ्या, दहात १०२४. ब्लू-रे मुळात आठ बिटांचीच. तरी दहात एन्कोड केलं की आकडेमोडीतली काटछाट कमी होते. अॅनिमेशनला हे फार लागतं, कारण तिथे सपाट रंग आणि सावकाश गडद होत जाणारी आभाळं असतात. यातलाच एक प्रसंग: पावसात बसथांब्यावर सात्सुकी उभी आहे, पाठीवर धाकटी बहीण मेई झोपलेली. कंजूष एन्कोडिंगमध्ये तिच्या मागच्या अंधाराचे सरळ पट्टे पडतात. कलादिग्दर्शक काझुओ ओगांच्या देखरेखीखाली रंगलेली ती संध्याकाळ अशी फाटलेली बघवत नाही.

एक गोष्ट मात्र हे नाव सांगत नाही. हा चित्रपट हाताने रंगवून फिल्मवर टिपलेला, म्हणून चित्रावर बारीक दाणे आहेत. ते दर फ्रेमला बदलतात, बिटरेट खातात. म्हणून पुष्कळ जण ते पुसून टाकतात. दाण्यांबरोबर पानांवरचे ब्रशचे फटकारेही जातात. अशा सफाईला मी दर्जा म्हणणार नाही.

तुमच्याकडच्या डिस्कवरून फाइल बनवाल तेव्हा दाणे राहू द्या, थोडी जागा जास्त गेली तरी चालेल. आणि पुसलेच असतील, तर तेही नावात लिहा.