फिटणार कवा?

२०२१ च्या जानेवारीत कर्जाच्या कागदांवर सह्या करून आमचे हे आणि भाऊजी तालुक्याहून परत आले, तेव्हा आम्ही अजून पत्र्याच्या शेडातच राहात होतो. भाऊजींनी पेढ्यांचा पुडा देवापुढे ठेवला आणि मामंजींच्या पाया पडून म्हणाले, "दादा, दहा लाख मंजूर झाले. महिन्याला सात हजार सातशे त्रेपन्न रुपये हप्ता."

मामंजी वाकळेवर बसले होते. म्हणाले, "हप्ता ऱ्हाऊ दे. फिटणार कवा?"

"वीस वर्षांनी. एकेचाळीस सालच्या जानेवारीत."

मामंजींनी बोटांवर काहीतरी मोजले. मग "मी काय तवर नसतोय," असे म्हणून पेढा तोंडात टाकला. आम्ही सगळे हसलो. आज लिहायला बसले आहे ते या हसण्याबद्दल. अक्षरशत्रू असलेल्या त्या म्हाताऱ्या माणसाने जे विचारले, ते आम्हा शिकल्यासवरलेल्यांपैकी कुणीच बँकेत विचारले नव्हते. आमचे सगळ्यांचे लक्ष एकाच गोष्टीकडे, महिन्याला किती जाणार आणि ते झेपणार का.

आमचे गाव पंचगंगेच्या काठी. जुने घर मातीच्या भिंतींचे, माळवदाचे. २०१९ च्या ऑगस्टात महापूर आला आणि चार दिवस पाण्यात राहून मागची भिंत बसली. गावठाणात वरच्या अंगाला आमची जागा होती, तिथे नवे घर बांधायचे ठरले. भाऊजी जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षक आहेत, म्हणून त्यांच्या पगारावर कर्ज मिळाले. सहकर्जदार म्हणून ह्यांचे नाव लागले. हप्ता भाऊजींच्या खात्यातून कापायचा आणि निम्मा भार आम्ही उसाच्या बिलातून द्यायचा, असा घरगुती करार. मंजूर झाले दहा लाख, पण प्रक्रिया शुल्क, कायदेशीर तपासणी, गहाणखताचे मुद्रांक आणि कर्जावरचा विमा असे सगळे वजा जाऊन हातात कमीच आले. विम्याचे पैसेही कर्जातच धरलेले, म्हणजे त्यावरही वीस वर्षे व्याज. जे कमी पडले त्यासाठी माझ्या माहेरच्या तीन तोळ्यांच्या पाटल्या मोडल्या. त्याचे तेव्हा वाईट वाटले नाही. २०२१ च्या जुलैत पुन्हा पूर आला, तेव्हा भिंती स्लॅबपर्यंत आल्या होत्या आणि पाणी आमच्या जोत्याच्या आसपासही आले नाही. घर बांधले ते बरोबरच केले, त्याबद्दल घरात कुणाचे दुमत नाही.

मामंजींच्या प्रश्नाला कारण होते. त्यांच्या आज्याने नदीकाठचे एक रान सावकाराला मुदत खरेदीने लिहून दिले होते. ठरल्या मुदतीत पैसे परत केले तर रान आपले, नाहीतर सावकाराचे. मुदत टळली आणि रान गेले. ते रान आजही मामंजी येता-जाता हाताने दाखवतात. असल्या कागदांनी आपल्याकडची किती घरे धुळीला मिळवली! १८७५ मध्ये पुणे जिल्ह्यातल्या सुप्याला शेतकरी उठले, त्यांनी सावकारांच्या वह्या आणि खते काढून जाळली. पुढे १८७९ मध्ये सरकारला दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी वेगळा कायदा करावा लागला. जुन्या हिंदू कायद्यात दामदुपटीचाही एक नियम होता, थकलेले व्याज एका वेळी मुद्दलापेक्षा जास्त मागता येत नसे. मात्र दरमहा इमानाने व्याज भरणाऱ्याला तो नियम तेव्हाही उपयोगाचा नव्हता. थकतच नाही तर चढणार काय?

बँक म्हणजे सावकार नव्हे, हे मला कळते. सात टक्के व्याज हे सावकारीपुढे काहीच नव्हते, आणि हिशोबही सरळ होता. दर महिन्याला जेवढी बाकी, तेवढ्यावरच व्याज. तरीसुद्धा सात हजार सातशे त्रेपन्नला दोनशे चाळीसने गुणून बघा. १८ लाख ६० हजार ७२० रुपये होतात. हा गुणाकार आमच्या घरात कुणी केलाच नव्हता. चौथीच्या मुलाला जमेल असा गुणाकार, आणि घरात मास्तर!

पहिल्या हप्त्यातले ५,८३३ रुपये व्याजात गेले आणि १,९२० रुपये मुद्दलात. पहिल्या वर्षभरात आम्ही ९३ हजार भरले आणि कर्ज उतरले पावणेचोवीस हजारांनी. यात लबाडी कुठलीच नाही. बाकी मोठी असते तोवर व्याज मोठे, बाकी उतरू लागली की व्याज उतरते. उन्हाळ्यात पहिले पाणी सोडले की ते पाटातच मुरते, शेवटच्या सरीपर्यंत जायला वेळ लागतो, तसेच हे. त्या दराने सुद्धा निम्मे मुद्दल फिटायला तेरा वर्षांहून जास्त लागणार होते. वीस वर्षांचे कर्ज दहा वर्षांत निम्मे फिटते, अशी माझी आपली समजूत होती.

इथवर जे झाले ते ठरल्याप्रमाणे. पुढचे मात्र आम्ही ठरवलेले नव्हते.

आमचे कर्ज बदलत्या दराचे. रिझर्व्ह बँक इतर बँकांना ज्या दराने पैसे देते त्याला रेपो दर म्हणतात, त्याला ते बांधलेले होते. सह्या करताना तो दर चार टक्के होता. २०२२ च्या मे महिन्यात महागाई आवरण्यासाठी रिझर्व्ह बँकेने तो वाढवायला सुरुवात केली आणि २०२३ च्या फेब्रुवारीपर्यंत साडेसहावर नेला. त्याबरोबर आमचे सात टक्क्यांचे साडेनऊ झाले. घरात मात्र कुणाला पत्ता नाही, कारण हप्ता तोच कापला जात होता. २०२३ च्या एप्रिलपासून तो ८,१९५ झाला. भाऊजी म्हणाले, साडेचारशेच्या आतच वाढ आहे, चालायचेच. बँकेची पत्रे आली होती, पण ती इंग्रजीत, बारीक अक्षरात. ती कपाटात गेली.

दिवाळीत कपाट झाडताना ती माझ्या मुलीच्या हाती लागली. ती तेव्हा बारावीला, वाणिज्य शाखेत. वाचता वाचता म्हणाली, "आई, आपला शेवटचा हप्ता कधी गं?"

"एकेचाळीस साली."

"इथं एक्कावन्न लिहिलंय."

मी म्हटले, नीट वाच. तिने पुन्हा वाचले. जानेवारी २०५१. मग वही घेऊन बसली. दर वाढला तसा हप्त्यातला व्याजाचा भाग वाढत गेला होता. २०२३ च्या मार्चमध्ये ७,७५३ पैकी ७,६०७ रुपये व्याजाला गेले आणि मुद्दलात जमा झाले फक्त १४६. म्हशीच्या तीन लिटर दुधाचे पैसे! त्या गतीने कर्ज बेचाळीस वर्षे फिटले नसते. म्हणून बँकेने मुदत तीस वर्षांच्या कमाल मर्यादेपर्यंत ताणली आणि त्यात बसेल एवढाच हप्ता वाढवला. सगळी बेरीज करून मुलीने आकडा सांगितला, २९ लाख ३८ हजार. ठरले होते साडेअठरा लाखांच्या थोडे वर. वरचे पावणेअकरा लाख म्हणजे कर्जाएवढेच आणखी एक घर, जे कुठेच बांधलेले नाही.

२०५१ साली भाऊजी अडुसष्ट वर्षांचे होतील. नोकरी संपणार अठ्ठावन्नाव्या वर्षी, म्हणजे एकेचाळीस सालीच. त्या बेतानेच तर वीस वर्षांची मुदत घेतली होती. शिवाय भाऊजी नोकरीला लागले ते १ नोव्हेंबर २००५ नंतर, त्यामुळे जुन्या पेन्शनीच्या रांगेत ते नाहीत. आमचे हे पंचाहत्तरीला पोचतील. मग हप्ता भरणार कोण? पोरेच ना! त्या रात्री भाऊजी जेवले नाहीत. जाऊबाई मला हळूच म्हणाल्या, "वहिनी, सही करताना मीच म्हटलं होतं, लवकर करा, मुहूर्त निघून जाईल."

२०२४ च्या जानेवारीत सगळे मिळून बँकेत गेलो. मुलगीही बरोबर होती. तिने वर्तमानपत्रात वाचले होते की, रिझर्व्ह बँकेने २०२३ च्या ऑगस्टात बँकांना सांगितले आहे, दर वाढल्यावर हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे, हे कर्जदाराला विचारायचे आणि त्याचा परिणाम त्याला समजावून द्यायचा. तिथल्या तरुण साहेबांनी आढेवेढे घेतले नाहीत. यंत्रावर हिशोब करून सांगितले, मुदत पुन्हा २०४१ ला आणायची तर हप्ता ९,४३७ पडेल. म्हणजे महिन्याला १,२४२ रुपये जास्त. आणि त्याने शेवटपर्यंत वाचणार किती? सव्वासात लाखांहून जास्त. हे आधी का सांगितले नाही, असे ह्यांनी विचारले. साहेब म्हणाले, "कुणी विचारत नाही हो. सगळे हप्ता कमी बसवा म्हणतात." त्यांचे खोटे नव्हते. आम्हीही तेच म्हणालो होतो.

मी हळूच विचारले, एकरकमी काही भरले तर? बदलत्या दराच्या घरकर्जावर मुदतीआधी पैसे भरल्याचा दंड बँकांना घेता येत नाही, हा नियम २०१२ पासून आहे म्हणे. एक लाख भरले आणि हप्ता तोच ठेवला तर चव्वेचाळीस हप्ते कमी होतात, कर्ज २०३७ च्या मे महिन्यात संपते. चव्वेचाळीस हप्ते म्हणजे ४ लाख १५ हजार. मात्र अर्जात "हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी" असे स्पष्ट लिहून द्यावे लागले. तसे लिहिले नाही तर हप्ता कमी होऊ शकतो आणि मुदत आहे तिथेच राहते.

लाखभर रुपये माझ्याकडे होते, हे घरात फक्त सासूबाईंना ठाऊक होते. दोन म्हशींच्या दुधाचे बिल दर दहा दिवसांनी येते. पेंड-भुश्याचे भागवून त्यातले उरेल ते मी तीन वर्षे बचत गटात आणि पोस्टात टाकत आले होते. मोडलेल्या पाटल्या पुन्हा करायच्या होत्या, तीन तोळ्यांच्या नाही तर दीड तोळ्याच्या तरी. मुलीचे लग्न आज ना उद्या निघेल, तेव्हा हात मोकळे नकोत. दोन रात्री झोप लागली नाही. ह्यांना सांगितले तेव्हा ते म्हणाले, "तुझं तू ठरव. मी त्या पाटल्यांबद्दल आधीच तुझा देणेकरी आहे." तिसऱ्या दिवशी पैसे भरले.

घरी येऊन मामंजींना सांगितले, सदतीस साली फिटणार. त्यांनी पुन्हा बोटे मोजली. "नव्वदी होतीय की," म्हणाले. "बगू."

तेव्हापासून दर वर्षी दिवाळीत बँकेचा उतारा आणून मुलगी मोठ्याने वाचते. बाकी किती, दर किती, शेवटचा हप्ता कोणत्या साली. उसाचे बिल आले की त्यातले दहा-पंधरा हजार कर्जात टाकतो. २०२५ च्या फेब्रुवारी, एप्रिल आणि जूनमध्ये मिळून रेपो दर एक टक्का उतरला. तेव्हा भाऊजींनी स्वतः अर्ज दिला की हप्ता कमी करू नका, तोच चालू ठेवा. कर्ज संपल्यावर काय करायचे तेही आताच लिहून ठेवले आहे. मूळ कागद तीस दिवसांत परत मिळाले पाहिजेत, उशीर झाल्यास दिवसाला पाच हजारांप्रमाणे भरपाई बँकेने द्यायची, हा नियम १ डिसेंबर २०२३ पासून लागू आहे. ग्रामपंचायतीच्या नमुना आठवरचा बोजाही आपणच पाठपुरावा करून उतरवायचा.

आमच्या शेजारच्या काकू मात्र मला अजून वेड्यात काढतात. २०२५ च्या एप्रिलात सोने तोळ्याला लाखावर गेले. "दीड तोळा घेतला असतास तर लाखाचं दीड लाख झालं असतं," म्हणतात. हिशोब त्यांचा चुकीचा नाही. मी मुलीला विचारले. ती म्हणाली, सोने २०३७ साली कुठे असेल ते कुणाला सांगता येत नाही, पण ते चव्वेचाळीस हप्ते आपल्याला द्यायचे नाहीत एवढे नक्की. ते मला पटते. तरीही लग्नकार्यात चार बायकांत बसले की मी हातावर पदर ओढून घेते. सध्या पोस्टातल्या पुस्तकावर सतरा हजार आहेत आणि थोरली म्हैस या महिन्यात विणार आहे.