सहाय्यक? कोणाची?

सिनेमाच्या धंद्यात 'सहाय्यक अभिनेत्री' असा एक वर्ग आहे. हा शब्द आम्हाला खटकतो. नायिकेच्या घरी भांडी घासणारी, नळावर भांडणारी, दवाखान्यात स्वयंपाक करणारी बाई पडद्यावर नेहमी सहाय्यक असते. तिला नाव असतं, आडनाव क्वचितच असतं. तिचं घर कधी दाखवत नाहीत. मालकिणीची गोष्ट पुढे सरकली की तिचं काम संपलं.

आमच्या घाटकोपरच्या वस्तीत मात्र याच बाया घर चालवतात. सकाळी मुलुंड-पवईच्या टॉवरमध्ये धुणीभांडी करायची आणि रात्री मालिका बघायची. मालिकेत त्यांना काय दिसतं? चहाडखोर, चोरटी, नाहीतर हसू करून घेणारी मोलकरीण. असा प्रसंग आला की आमची आई मुकाट्याने उठून भाकरी थापायला बसायची. समाजशास्त्रात एम.ए. करताना श्रमाच्या अप्रतिष्ठेवर पुष्कळ वाचलं, पण तो धडा आम्ही घरातच शिकलो होतो.

म्हणूनच छाया कदम यांची वाटचाल आम्हाला महत्त्वाची वाटते. त्या सांताक्रूझच्या कलिनात वाढल्या, राज्य पातळीवर कबड्डी खेळल्या. वामन केंद्रे यांच्या कार्यशाळेतून त्या रंगभूमीवर आल्या. त्यांची जात कोणती हे आम्ही शोधायला गेलो नाही. त्यांनी कोणाला पडद्यावर उभं केलं, हा आमचा विषय आहे.

नागराज मंजुळे यांच्या 'फँड्री'त (२०१४) त्या जब्याच्या आई आहेत. गावासाठी डुक्कर धरायला अख्खं कुटुंब राबतं आणि गाव बघून हसतं. पुढे तेच डुक्कर शाळेच्या भिंतीवरच्या बाबासाहेब-सावित्रीमाईंच्या चित्रांसमोरून नेलं जातं. 'सैराट'मध्ये (२०१६) हैदराबादच्या झोपडपट्टीत पळून आलेल्या आर्ची-परश्याला आसरा देणाऱ्या सुमन आक्का त्याच. 'लापता लेडीज'मधल्या (२०२४) मंजू माई स्टेशनवर चहाचा ठेला चालवतात. आपल्या कमाईवर जगून आपल्यालाच मारणाऱ्या नवऱ्याला आणि मुलाला त्यांनी घराबाहेर काढलंय. फूल ठेल्यावर राबते, तेव्हा तिच्या हातावर तिच्या कष्टाचे पैसे ठेवतात. सहानुभूती आणि मजुरी यांतला फरक या एका प्रसंगात कळतो. याच भूमिकेसाठी २०२५ मध्ये त्यांना फिल्मफेअर मिळालं. पुरस्काराचं नाव अर्थातच 'सर्वोत्कृष्ट सहाय्यक अभिनेत्री'!

२०२४ मध्येच पायल कपाडिया यांच्या 'ऑल वी इमॅजिन ॲज लाइट'ला कान महोत्सवात ग्रां प्री मिळाला. छाया कदम आईची साडी आणि नथ घालून तिथे गेल्या. माध्यमांनी साडीचं आणि नथीचं भरभरून कौतुक केलं. पार्वतीच्या कागदपत्रांबद्दल कोण बोललं? सिनेमातली पार्वती हॉस्पिटलात स्वयंपाक करते. नवरा गेलाय, बिल्डर खोली रिकामी करायला सांगतोय आणि इतकी वर्षं तिथे राहिल्याचा एकही कागद तिच्या हाती नाही. शेवटी ती कोकणात गावी परतते.

अशा पार्वती आम्हाला रोज भेटतात. पार्वतीची चाळ आहे, आमच्याकडे झोपडी आहे. कागदाचा फास तोच. झोपडपट्टी पुनर्वसनात मोफत घर हवं तर १ जानेवारी २००० पूर्वीचा पुरावा लागतो. लाइट बिल सासऱ्याच्या नावावर, रेशनकार्ड नवऱ्याच्या नावावर. विधवेने किंवा टाकलेल्या बाईने काय दाखवायचं? भांडी घासून घट्टे पडलेले हात? त्यातल्या कित्येकींना तर परत जायला गावही नाही. ज्या गावकुसाबाहेरून आईबाप पळून आले, तिथे कुठे परतणार? गाव म्हटलं की सगळ्यांनाच माहेर आठवत नाही.

काहीजण म्हणतील, एका बाईने गुणवत्तेवर यश मिळवलं, त्यात राजकारण कशाला? आमचं म्हणणं असं, की 'संघर्षातून यश' ही गोष्ट व्यवस्थेला फार सोयीची असते. एकीला टाळ्या दिल्या की उरलेल्यांचा हिशोब मागायला कोणी उरत नाही. छाया कदम यांच्याकडे ताकद कालही होती. पण मंजू माई, पार्वती अशा बाया लिहिणारे हात किती होते? 'फँड्री' घडला, कारण ते जगणं माहीत असलेल्या माणसाच्या हाती कॅमेरा आला.

तेव्हा वस्तीतल्या मुलींना आमचं सांगणं आहे: अभिनय जरूर करा, पण लेखणी आणि कॅमेराही सोडू नका. आपल्या आया कोणाच्या गोष्टीत सहाय्यक नव्हत्या. त्यांची गोष्ट त्यांच्या पूर्ण नावानिशी आपणच लिहायची आहे.

जय भीम!