ललिताबाई आणि ती थप्पड

ललिता पवारांचं नाव निघालं की थपडेची गोष्ट निघतेच. ती ऐकताना मला चीड येते. थप्पड बसली, डोळा अधू झाला आणि हिंदी सिनेमाला खाष्ट सासू मिळाली, असं सांगून लोक मोकळे होतात. बाईंनी स्वतः काही केलंच नाही जणू!

येवल्याची ही अंबा सगुण, म्हणजेच पुढची ललिता पवार, मूकपटांच्या काळातच कॅमेऱ्यासमोर उभी राहिली. १९३२ च्या 'कैलास'च्या निर्मितीतही तिचा वाटा होता. १९३८ मध्ये टॉल्स्टॉयच्या 'रिझरेक्शन'वर 'दुनिया क्या है' काढला, तोही तिनेच. पुढे 'नेताजी पालकर', 'अमृत'. बोलपटात गाणारी, पैसा उभा करणारी नायिका होती ती.

१९४२ साली 'जंग-ए-आझादी'च्या चित्रीकरणात एका प्रसंगात सहकलाकार भगवानदादांनी त्यांच्या थोबाडीत मारायचं होतं. हात भलताच जोरात बसला. चेहऱ्याची डावी बाजू लुळी पडली. उपचार लांबले आणि डावा डोळा कायमचा बारीक राहिला. बाई तेव्हा अवघ्या २६ वर्षांच्या होत्या. भगवानदादांनी मुद्दाम मारलं असं कुणी म्हणत नाही. पण त्या एका क्षणाने नायिकेची कारकीर्द संपली आणि पुन्हा शून्यापासून सुरुवात करायची वेळ बाईंवर आली.

आणि त्यांनी ती केली. १९४४ मध्ये प्रभातच्या 'रामशास्त्री'त त्या आनंदीबाई झाल्या. १९५० मध्ये शांतारामबापूंच्या 'दहेज'मध्ये सासू. १९५२ च्या 'दाग'मध्ये दिलीपकुमारची आई, वयाने त्याच्याहून जेमतेम सहा वर्षांनी मोठी! 'श्री ४२०'मध्ये केळी विकणारी गंगामाई साकारली तेव्हा बाई चाळिशीच्याही आत होत्या. त्यांच्याबरोबरचे नायक पुढे कितीतरी वर्षं कॉलेजकुमार म्हणून पडद्यावर बागडले. याबद्दल मात्र कुणी हळहळत नाही, आणि मला तर थपडेपेक्षा हा अन्याय मोठा वाटतो.

'अनाडी'तली मिसेस डिसा पाहा. भाडेकरूवर वरवर खेकसणारी, आतून त्याच्यावर जीव टाकणारी घरमालकीण. तोच डोळा, तोच चेहरा, आणि तरी तिच्याकडे पाहून कुणालाही भीती वाटत नाही. या भूमिकेसाठी त्यांना फिल्मफेअर मिळालं. 'अनाडी'चेच दिग्दर्शक हृषीकेश मुखर्जींनी पुढे 'आनंद'मध्ये पुन्हा त्यांनाच डिसा नावाची मेट्रन केलं. 'प्रोफेसर'मध्ये तर कडक शिस्तीची ही बाई म्हाताऱ्याच्या वेशातल्या शम्मी कपूरवर भाळते, लाजते, नटते. आधी हसू येतं, मग तिची कीव येते. 'ललिता पवार म्हणजे खलनायिका' म्हणणाऱ्यांनी हा सिनेमा जरूर पाहावा.

१९८७ मध्ये दूरदर्शनवर 'रामायण' सुरू झालं. सत्तरीला आलेल्या बाई त्यात मंथरा होत्या. ती मंथरा कैकेयीचे कान भरते तेव्हा बारीक झालेला तो डोळा असा काही रोखला जातो की नजर हटत नाही. डोळ्याला श्रेय देऊ नका असं आग्रहाने सांगणारी मीही तिथे त्या डोळ्याकडेच बघत राहते. तो कधी रोखायचा आणि कधी पापणीआड ठेवायचा, हे बाईंना पक्कं ठाऊक होतं.