दहा गावांचे रान

श्रीनगरला जाणारी बहुतेक कुटुंबे दल सरोवर, निशात, शालिमार आणि गुलमर्ग करून परत येतात. शालिमार बागेपासून थोडे पुढे हारवन लागते. तिथल्या फाटकापासून दाचीगाम राष्ट्रीय उद्यान सुरू होते, पण तिकडे वळणाऱ्या गाड्या फारशा दिसत नाहीत. तिथे कारंजी नाहीत, शिकारे नाहीत आणि आत जायला वन्यजीव विभागाचा परवाना आधी काढावा लागतो. आम्ही ऑक्टोबरात गेलो. चिनार लाल झाले होते आणि सकाळी सातला बोटे गारठत होती.

काश्मिरीत ‘दाह’ म्हणजे दहा आणि ‘गाम’ म्हणजे गाव. हे रान राखीव करताना इथली दहा गावे उठवली गेली, त्यावरून हे नाव पडले. ते हरणांसाठी झाले नव्हते. १९१० मध्ये महाराजा प्रतापसिंहांच्या काळात हा डोंगर राखला गेला तो श्रीनगरच्या पिण्याच्या पाण्यासाठी. दगवान नदी वरच्या मारसर सरोवरातून निघते आणि या रानातून हारवनच्या तलावात येते. १९८१ मध्ये त्याचे राष्ट्रीय उद्यान झाले. १४१ चौरस किलोमीटर एवढाच पसारा, पण चढ केवढा! तळाशी सुमारे १,६०० मीटर, तर माथे ४,००० मीटरच्याही वर.

सोबत आलेले वाटाडे पिकल्या दाढीचे होते. मुले त्यांना लगेच चाचा म्हणू लागली. जुहरच्या वेळी आम्ही वजूसाठी थेट नदीकडे निघालो, तर त्यांनी अडवले. ‘‘जनाब, खाली सारे शहर हे पाणी पिते. तांब्यात घ्या आणि बाजूला बसून वजू करा.’’ आम्ही तसेच केले. पाणी इतके थंड होते की तांब्याभर पुरेसे वाटले.

दाचीगामचा खरा मालक हंगूल. तांबूस तपकिरी, अंगाने भक्कम असा हा काश्मिरी बारशिंगा आज मुख्यतः याच रानात आणि आसपास उरला आहे. गेल्या शतकाच्या चाळिशीत त्यांची संख्या काही हजारांत होती असा अंदाज आहे. २००४ च्या गणनेत १९७ निघाले आणि २०२३ च्या गणनेत २८९. वाढ आहे, अलहम्दुलिल्लाह, पण आपल्याकडच्या एखाद्या निकाहच्या पंगतीला याहून जास्त माणसे असतात.

शरद ऋतूत नर हाका घालतात, म्हणून आम्ही हा महिना निवडला होता. पहिली हाक आली तेव्हा मुलांना वाटले, दूर कुठे बैल हंबरतो आहे. मग समोरच्या उतारावरून दुसऱ्याने उत्तर दिले, त्याहून खोल आवाजात. चाचा बोटाने दाखवत होते, आम्ही डोळे ताणत होतो, पण झाडीत शिंगे आणि फांद्या वेगळ्या काढणे आमच्याच्याने झाले नाही. अखेर दोन माद्या दिसल्या. कान आमच्याकडे, पाय पळायच्या तयारीत. पाठीमागचा पांढरट पट्टा तेवढा चमकला आणि गेल्या. एका अक्रोडाच्या झाडावर मोडक्या फांद्यांचा गठ्ठा होता. आम्हाला ते मोठे घरटे वाटले. ते काळ्या अस्वलाचे काम होते. ते वर बसून फांद्या ओढते, फळे खाते आणि मोडलेल्या फांद्या बुडाखाली घेते. हिवाळ्याच्या झोपेआधी त्याला चरबी साठवायची असते. आम्ही आवाज न करता पुढे सरकलो. बिबट्याही इथे आहे. तो दिसला नाही याचे दुःख कोणी केले नाही.

हंगूल कमी का झाला? शिकार हे एक कारण. दुसरे कारण चराईचे. उन्हाळ्यात हंगूल वरच्या कुरणांकडे जायचा. त्याच दिवसांत तिथे बकरवालांचे कळप आणि त्यांचे राखणदार कुत्रे पोहोचतात आणि पाडसे तेव्हा नुकती जन्मलेली असतात. शिवाय खालच्या भागात कित्येक दशके सरकारी मेंढीपालन केंद्र चालत आले. ते हलवावे ही मागणी जुनी आहे.

इथे आम्हाला हजरत उमर (रजि.) यांच्या ‘हिमा’ची, म्हणजे राखीव कुरणाची आठवण झाली. जकातीच्या जनावरांसाठी राखलेल्या कुरणावर नेमलेल्या माणसाला त्यांनी बजावले होते की थोडी उंटे-मेंढ्या असणाऱ्या गरिबाला आत येऊ दे, पण इब्ने औफ आणि इब्ने अफ्फान यांचे कळप येऊ देऊ नकोस. दोघेही थोर सहाबी. पण त्यांची जनावरे मेली तरी खजुरीच्या बागा आणि शेते होती. गरिबाची मेली तर तो मुलेबाळे घेऊन खलिफाच्या दारात उभा राहणार. सोने-चांदी देण्यापेक्षा चारा-पाणी देणे सोपे, हा त्यामागचा हिशेब. हदीसच्या ग्रंथांत ही हकीकत आहे.

बकरवालांचे सगळेच कळप लहान असतात असे नाही आणि कुत्र्याने धरलेल्या पाडसाला मालक गरीब की श्रीमंत याने फरक पडत नाही. तरीही कोणाला आधी बाहेर काढायचे, हा प्रश्न आला तर आमचे मत स्पष्ट आहे: आधी सरकारी मेंढ्या. सरकारला दुसरी जमीन मिळते. बकरवालाला वरचे कुरण बंद करायचे असेल, तर त्याआधी दुसरे कुरण हातात द्यायला हवे. दहा गावे एकदा उठली आहेत. त्यांची नावेसुद्धा आम्हाला कोणी सांगू शकले नाही.

परतताना चाचांनी थर्मासमधला मिठाचा गुलाबी चहा दिला. मुलांनी तोंडे वाकडी केली, मोठ्यांनी दुसरा पेला मागितला.

जायचे असेल तर परवान्यासाठी एक दिवस हाताशी ठेवा. सप्टेंबरअखेर ते ऑक्टोबर हे दिवस हंगूलच्या हाकांचे. गडद किंवा मातकट कपडे घाला, अत्तर लावू नका, खाण्याच्या पिशव्या परत आणा. आणि मुलांना आधीच सांगून ठेवा, हंगूल ऐकू येईल, दिसेलच असे नाही.