पाच फूट की दहा

आरशापासून पाच फुटांवर उभं राहिलं की फोकस दहावर लावायचा. पाचावर लावला तर काचेवरची धूळ आणि बोटांचे डाग लख्ख दिसतात, कॅमेरा धरलेला माणूस पुसट होतो. एक तर आरसा, नाहीतर मी. वाइड लेन्स लावून छिद्र बारीक केलं तर दोन्ही येतं, पण मग सगळंच येतं. आरशाचं भिंतीवरचं कॅलेंडर होतं.

आम्ही सहा जणांनी पुण्यातल्या एका वाड्यात फिल्म करायला घेतली तेव्हा ठरवलं होतं : कॅमेरा कुणा एकाचा नाही. प्रत्येकाला एक शंभर फुटी रीळ, म्हणजे पावणेतीन मिनिटं. 'घाशीराम कोतवाल' या फिल्मच्या (१९७६) दिग्दर्शनाला चार नावं होती, त्याची नशा आमच्यावर होती. आरशाचा शॉट मी मागून घेतला. बोलेक्स कॅमेऱ्याची चावी पुरती भरली तरी अठ्ठावीस सेकंदांच्या आत संपते. तेवढ्यात मी डोळा आयपीसवरून काढला. चेहरा दिसावा म्हणून. सकाळी दाढीही केली होती.

आयपीसमधून उजेड आत शिरला आणि कडेला फिल्म फॉग झाली. रशेस बघताना मी म्हणालो, लॅबची चूक. बाकीच्यांनी मानलं. सगळ्यांचा कॅमेरा म्हणणारा मी एकटाच चेहरा दाखवून बसलो होतो. आमच्यातला एक पुढे जाहिरातीत गेला. ती फिल्म तो अजूनही 'माझी' म्हणतो. मला राग येतो, पण कुठल्या तोंडाने बोलू?

व्हर्टॉव्हच्या 'मॅन विथ अ मूव्ही कॅमेरा'त (१९२९) ट्रायपॉड खांद्यावर टाकून हिंडणारा काउफमान हा त्याचा सख्खा भाऊ. त्यानंतर दोघांनी एकत्र काम केलं नाही. मला यात नवल वाटत नाही. हल्ली 'मेकिंग' वेगळं काढतात, ती जाहिरात. कॅमेऱ्याने स्वतःकडे बघायचं तर ते फिल्मच्या आतच बघावं लागतं, भांडणासकट.

आता उजवा हात थरथरतो. माझी विद्यार्थिनी म्हणते, थरथर ठेवू या, तीच तर फिल्म आहे. मला पटलेलं नाही. परवा तिने बोलेक्स माझ्या हातात दिला, स्वतः टेप घेऊन आरशाशी उभी राहिली.

"सर, पाच की दहा?"

मी आरशात बघितलं. पांढरे खुंट वाढले होते.

"थांब," म्हटलं, "दाढी करून येतो."